स्वस्त फोनमधलं घर

"परत पहिल्यावर. परत आणून सोडलं मेल्यानं पहिल्यावर," असं म्हणत म्हाताऱ्यानं हातातला फोन पांघरुणावर आपटला. आपटला म्हणजे नुसता सोडला. आपटायला मनगटात जोर लागतो, तो आता राहिला नव्हता.

फोन बटणांचा, जुनाट. पाचाच्या बटणावरचा आकडा अंगठ्यानं खाऊन टाकलेला, मागचं झाकण रबरानं बांधून ठेवलेलं. पडदा काडेपेटीएवढा. त्या काडेपेटीत पोत्यांनी भरलेला एक ट्रक होता. चार दाबलं की डावीकडे, सहा दाबलं की उजवीकडे, पाच दाबलं की हॉर्न. माळ ओलांडायचा, रेल्वेचं फाटक ओलांडायचं, घाट चढून उतरायचा, शेवटी लांबलचक पूल. पुलापलीकडे ट्रकवाल्याचं घर. पण पूल संपला की पडदा एकदा मिटायचा आणि ट्रक पुन्हा माळावर उभा.

"एक पोतं पडलं नाही आज," म्हातारा सुनेला म्हणाला. "एकसुद्धा. तू बघत होतीस."

"बघत होते की. भांडी घासता घासता मान वाकडी झाली बघून. पुलावर हॉर्न दिला होता का? काल तुम्हीच म्हणालात, हॉर्न राहिला म्हणून घर येत नाही."

"दिला. चांगला दणकून दिला."

"मग त्यानंच झालं. घरातली बाई घाबरून कडी लावून बसली असेल."

म्हातारा हसला, मग खोकला, मग पुन्हा विचारात पडला. "फाटकाशी पूर्ण थांबायला हवं बहुतेक. मी गाडी हळू करतो, थांबवत नाही. तेच असणार."

दाराशी मुलगा बूट काढत बसला होता. नाडीला गाठ नव्हती, तरी तो ती सोडवत राहिला. मान वर केली की बाप विचारणार, हे त्याला ठाऊक होतं. बापानं मान वर करायची वाट पाहिलीच नाही.

"काय रे, फाटकाशी थांबायचं असतं का? तूच बनवलायस ना."

"आठवत नाही, बाबा. फार वर्षं झाली."

"पण घर आहे ना शेवटी?"

"आहे," तो म्हणाला.

नव्हतं. त्या फोनात घर नव्हतंच. म्हाताऱ्यानं सगळी पोती सुखरूप नेली असती, फाटकाशी उतरून फाटकवाल्याची ख्यालीखुशाली विचारली असती, तरी घर आलं नसतं. आणि हे पक्कं माहीत असलेला त्या घरात एकच माणूस होता, कारण ते घर त्यानंच कापलं होतं.

त्याला सगळे कात्री म्हणत. नाव पडलं कचेरीत. कचेरी म्हणजे एका इमारतीचा पोटमाळा, बारा टेबलं आणि एक मालक. तिथं बटणांच्या फोनवरचे गेम बनत. गेम आधी महागड्या फोनसाठी बनायचा, रंगीत, वाजंत्रीसकट. मग तोच स्वस्त फोनमध्ये कोंबायचा. स्वस्त फोनात जागा इतकीशी, की आज कुणी पाठवलेला सकाळच्या शुभेच्छांचा एक फोटोही तिच्यात मावणार नाही. तेव्हा कापाकापी. गेम चालला पाहिजे आणि मावला पाहिजे, हे काम कात्रीचं. ढग काप, झाडं काप, दहा माणसांच्या जागी एकच माणूस दहादा उभा कर. त्याच्यासारखं कापणारं दुसरं कुणी नव्हतं. शिंप्यानं चिंधीतून सदरा काढावा तसा तो गेम काढून द्यायचा. मालक त्याच्या पाठीवर थाप मारायचा. पगारवाढीच्या वेळी मात्र त्याला पाठ सापडायची नाही.

ट्रकचा गेम निघाला तेव्हा शेवटचं चित्र काढायला माणूस नव्हता म्हणून कात्रीनंच काढलं. चित्र काढणं त्याचं काम नव्हतं, पण हे जमलं. एक बैठं घर, दाराबाहेर पिवळा दिवा, दारात कुणीतरी उभं. कोण ते कळत नव्हतं. चार टिंबांत माणूस बसवायचा म्हटल्यावर बाई, बाप्या, पोर सगळं सारखंच. त्याचा बाप खरोखर ट्रक चालवायचा. आला तर महिन्यानं, नाहीतर दोन महिन्यांनी. आई दाराबाहेरचा दिवा लावायची. पोरगं विचारायचं, आज येणार का? आई म्हणायची, दिवा लावलाय ना, मग झोप. हे सगळं चार टिंबांत कुठून येणार. पण कात्रीला ते दिसायचं.

त्या आनंदात त्यानं बापाला सांगून टाकलं. बाप तेव्हा नुकता स्टिअरिंगवरून उतरला होता. डोळ्यांना लांबचं दिसेना म्हणून गाडीमालकानं घरी बसवला होता. घरी बसणं त्याला जमत नव्हतं. "बाबा, मी ट्रकचा गेम केलाय. शेवटी घर येतं. आपलं घर."

"येतं कसं? आपण जायचं असतं," बाप म्हणाला, पण चेहरा फुलला होता.

पुढच्याच आठवड्यात स्वस्त फोनचं काम आलं. कात्रीनं कापलं, कापलं, तरी थोडं उरलंच. मावेना. सुरुवातीला मालकाच्या कंपनीचं बोधचिन्ह यायचं. सोनेरी, गोल गोल फिरणारं. त्याला जागा लागायची घरापेक्षा जास्त. कात्री मालकाकडे गेला. "साहेब, हे फिरतं चिन्ह स्थिर केलं तरी मावेल."

"चिन्हाला हात लावायचा नाही."

"मग शेवट कापावा लागेल."

"काप की. स्वस्त फोन घेणारा शेवटापर्यंत पोचतो कुठे? पोचलाच तर पुन्हा सुरुवातीला पाठव. त्याला काय कळतंय."

ही अशी माणसं असतात. दुसऱ्याचं घर कापतील आणि आपलं नाव फिरत ठेवतील. पण मालकाला शिव्या देऊन कात्री सुटत नाही. कात्रीनं वाद घातला नाही. उभ्या उभ्या "बरं" म्हणाला आणि संध्याकाळच्या आत घर काढून टाकलं. काम म्हणजे काम.

खरी चूक त्यापुढची. तपासणीला आणलेले फोन काम संपल्यावर कामगारांना अर्ध्या किमतीत देत. कात्रीनं त्यातला एक स्वस्त फोन बापासाठी घेतला. गेम आतमध्ये होताच. आणि घरी आणून बापाच्या हातात दिला तेव्हा त्याच्या डोक्यात ते पिवळ्या दिव्याचं घर होतं. आपणच ते या फोनातून काढलंय, हे डोक्यातच आलं नाही. दिवसभर गेम कापणाऱ्याला कुठल्या फोनात काय उरलंय ते लक्षात राहत नाही. चार दिवसांनी बाप म्हणाला, "पुलापर्यंत पोचलो रे," आणि तेव्हा कुठे कात्रीला आठवलं.

तेव्हाच सांगायचं. एका वाक्याचं काम होतं. पण बापानं तोवर शेजारीपाजारी सांगितलं होतं, माझ्या मुलानं फोनात आपलं घर ठेवलंय, मी चाललोय तिकडे. कात्री मनाशी म्हणाला, नंतर सांगू. मग मोठे काचेचे फोन आले, कचेरी बुडाली, मालक दुसऱ्या धंद्यात शिरला, कात्री एका दुकानात फोनच्या पडद्यांवर संरक्षक काचा चिकटवायला लागला. आई गेली. बापाच्या हातांना कंप सुटला. आणि बाप रोज त्या पुलावरून माळावर येत राहिला, आपलंच काहीतरी चुकतंय असं समजून.

एके दिवशी दुकानात एक बाई आली. काच चिकटवायला आली नव्हती. "भंगारात बटणांचे फोन आहेत का? बंद पडलेले चालतील," तिनं दुकानाच्या मालकाला विचारलं.

"बंद पडलेल्याचं काय करणार, मॅडम? दाराला अडण म्हणून लावणार?"

"त्यातले गेम काढून घेते. मी जुने गेम जमवते. आता ते कॉम्प्युटरवर चालवता येतात, लोक खेळतात." तिनं दोनचार नावं सांगितली. त्यात ट्रकचं नाव होतं.

कात्रीच्या हातातली काच तिरकी बसली. बुडबुडा राहिला. गिऱ्हाईक ओरडलं. गिऱ्हाईक गेल्यावर तो बाईला म्हणाला, "ट्रकवाला मी कापलाय."

"कापलाय म्हणजे?"

त्यानं सांगितलं. बाईचे डोळे इतके मोठे झाले की कात्रीला संकोच वाटला. "अहो, तुम्हाला कल्पना नाही. त्या गेमच्या शेवटावरून लोक भांडतात. कुणी म्हणतं पुलाखालून गुप्त रस्ता आहे. एकजण म्हणतो, शेवट नसणं हाच शेवट आहे, माणसाचं आयुष्य म्हणे असंच. त्यानं लेख लिहिलाय त्यावर."

"त्याला सांगा, आयुष्यबियुष्य काही नाही. मालकाला चिन्ह फिरवायचं होतं."

बाई हसली. कात्री हसला नाही. "महागड्या फोनवरचा आहे का तुमच्याकडे? त्यात घर आहे. मला फक्त ते चित्र पाहिजे."

तिनं शोधते म्हटलं आणि खरंच शोधलं. आठवड्याभरानं परत आली. "नाही मिळत. सगळीकडे हा कापलेलाच आहे. महागडे फोन घेणारे दर वर्षी फोन बदलतात, जुना टाकून देतात. स्वस्त फोन तेवढे घराघरांत पडून राहिले. तुम्ही कापलेलंच टिकलं बघा."

ती कौतुकानं म्हणाली. तिला मारावंसं वाटलं त्याला. तिचा काय दोष होता. जाताना तिनं कापलेल्या गेमची फाइल दिली आणि तो उसवायचा, म्हणजे उघडून बदलायचा कसा, तेही दाखवून गेली.

त्यानंतर कात्री सुट्टीच्या दिवशी जुना लॅपटॉप घेऊन खिडकीशी बसायला लागला. बायकोनं दोनदा चहा दिला, तिसऱ्यांदा कप समोर आपटला.

"काय चाललंय?"

"गेम उसवतोय."

"या वयात? म्हाताऱ्याला लागलं ते तुम्हालाही लागलं का?"

त्यानं तिला सगळं सांगितलं. इतक्या वर्षांत पहिल्यांदा. ती शेजारी बसली. मग म्हणाली, "आणि मी त्यांना रोज सांगत होते, हॉर्न द्या, हळू घ्या, उद्या येईल घर. मलाही मूर्ख बनवलंत की हो."

"तुला कशाला बनवेन?"

"बनवलंत. म्हणून विचारते, आता तरी ते खेळू शकतील का? परवा चमचा तोंडापर्यंत नेताना अर्धं अंगावर सांडलं त्यांनी. डॉक्टर काय म्हणाले ते ऐकलंत ना? हा कंप आता वाढतच जाणार."

"म्हणून तर घाई आहे."

पहिलं काम त्यानं केलं ते मालकाचं सोनेरी चिन्ह उडवायचं. एक कळ दाबली आणि गेलं. इतकं सोपं होतं. तेवढ्या जागेत घर बसून वर अंगणही आलं असतं. मग टिंबाटिंबानं घर काढायला बसला आणि अडला. दिवा दाराच्या कुठल्या बाजूला होता? ते घर केव्हाच पाडून तिथं मजले चढले होते. आई नव्हती. त्यानं आत जाऊन बापाला सहज विचारल्यासारखं विचारलं.

"दिवा?" म्हातारा म्हणाला. "मी यायचो तेव्हा उजाडलेलं असायचं रे. लागलेला दिवा बघायचो तो फक्त निघताना. पहाटे निघायचो, तुझी आई दारात उभी. गाडीच्या आरशात दिवा दाराच्या डावीकडे दिसायचा. आता तू हिशेब कर डावं का उजवं ते."

कात्रीनं हिशेब केला नाही. आरशात दिसला तसा डावीकडे काढला.

फोनात नवा गेम घातला त्या दुपारी तो बापाच्या खाटेच्या कडेला बसला. सांगायची तयारी करून आला होता. कसंबसं बाहेर काढलं. घर नव्हतं, मी कापलं होतं, तुम्हाला दिला तेव्हा विसरलो होतो, नंतर आठवलं पण बोललो नाही.

म्हाताऱ्यानं ऐकून घेतलं. हात पांघरुणावर आपले आपण थरथरत होते.

"म्हणजे फाटकाशी थांबायची गरज नव्हती."

"नव्हती."

"आणि पोती?"

"पोत्यांचा काही संबंध नव्हता, बाबा."

"मी एक पोतं पडलं की मागे फिरत होतो. घाटातून मागे फिरत होतो." म्हातारा भिंतीकडे बघत राहिला. "गाडीमालक असाच होता बघ. माल उतरवला, आता घरी, म्हटलं की सांगायचा, जाता जाता अजून एक भाडं टाक. तो परका होता. त्याला शिवी तरी देता यायची."

"द्या की मला पण."

"तुला काय देऊ. ती मलाच लागायची." थोड्या वेळानं त्यानं हात पुढे केला. "आण इकडे."

कात्रीनं फोन दिला. म्हाताऱ्यानं अंगठा पाचावर ठेवला. अंगठा तिथं राहीना. सहा दाबायला गेला की नवावर जाई, चार दाबायला गेला की एकावर. ट्रक माळावरच्या पहिल्या दगडाला धडकला. पुन्हा धडकला. म्हाताऱ्यानं डाव्या हातानं उजवं मनगट धरून पाहिलं. आता दोन्ही हात एकमेकांना हलवायला लागले. चार महिन्यांपूर्वी याच हातांनी तो पुलापर्यंत जात होता.

"तू चालव," तो म्हणाला. "मी बाजूला बसतो."

इथं आणखी एक गोष्ट उघड झाली. कात्रीला गेम खेळता येत नव्हता. त्यानं आयुष्यभर गेम कापले होते, खेळायला दुसरी माणसं असायची. माळावर त्याची निम्मी पोती सांडली.

"अरे, रस्ता बघ, ट्रक काय बघतोस. ट्रक कुठे पळून जातोय?"

"बघतोय."

"डावीकडे घे. डावीकडे. कुणी दिलं तुला लायसन?" म्हातारा उशीला टेकून बसला होता आणि त्याचा उजवा पाय पांघरुणाखाली ब्रेक दाबत होता. "फाटकाशी थांब."

"थांबायची गरज नाही, म्हटलं ना."

"तरी थांब. गाडी येत असेल तर?"

कात्री थांबला. काडीएवढी रेल्वे धडधडत निघून गेली. ती तिथं होती हे त्यालाही आठवत नव्हतं.

घाटात तो दरीत पडला. पुन्हा माळ, पुन्हा फाटक, पुन्हा दरी. म्हातारा आता शिव्या देत नव्हता, शिकवत होता. वळणाआधी हॉर्न, वळणात नाही. चढावर घाई नको. उतारावर पाचाला हात लावू नको, तिथं ट्रक बिथरतो. बापाच्या इतक्या जवळ तो कधी बसल्याचं त्याला आठवत नव्हतं. बायको दाराशी येऊन उभी राहिली आणि परत आत गेली.

"डोळे मिटायला लागले रे," म्हातारा म्हणाला. "गोळीनं होतं असं. चालू दे तुझं. घाट उतरलास की हाक मार. पूल मी बघतो."

कात्री घाट उतरला. पण उतरता उतरता मागून दोन गाड्या आल्या, पूल लगेच लागला, मान वर करायला फुरसत मिळाली नाही. हाक मारली असती तर गाडी नदीत गेली असती. त्यानं श्वास धरून पूल ओलांडला. पडदा एकदा मिटला. आणि घर आलं.

बैठं घर. दार उघडं. डावीकडे पिवळा दिवा. दारात चार टिंबांचं माणूस.

"बाबा," तो म्हणाला. मग जरा मोठ्यानं, "बाबा, पोचलो."

म्हातारा तोंड उघडं टाकून झोपला होता. घोरणं संथ, एकसारखं. कात्रीनं खांदा हलवला. मान नुसती दुसरीकडे कलली.

बायको बाहेर आली. "उठायचे नाहीत आता. औषधाची झोप आहे. दिवेलागणीशिवाय डोळा उघडत नाहीत ते. काय झालं?"

त्यानं फोन तिच्याकडे वळवला. ती वाकून बघत राहिली. "हे होय," ती म्हणाली. "ते पाचाचं बटण दाबू का? त्यानं पुढे काही होतं?"

"नको. कशालाच हात लावू नकोस. कुठलंही बटण दाबलं की पुन्हा माळावर जातं."

"असं कशाला केलंत?"

"जागा वाचवायची सवय."

एवढ्यात पडद्यामागचा उजेड विझला. जुने फोन असेच. बटण दाबलं नाही की थोड्या वेळानं आपला दिवा आपण घालवतात. घर होतं, पण राखाडी, पाण्याखाली गेल्यासारखं. फोन उन्हात तिरका धरला की तेवढं दिसायचं.

कात्री उठून खिडकीशी गेला. फोन दोन्ही कडांनी धरला, अंगठे बटणांपासून लांब. कोपऱ्यातली बॅटरीची रेघ एकच उरली होती, आणि ऊन खिडकीतून हळूहळू सरकत चाललं होतं. ते सरकेल तसा तोही थोडा थोडा सरकत राहिला. मधूनच तो खाटेकडे बघायचा.